आईस्क्रीम केकचे तीन थर

या मे महिन्यात नात पंधरा दिवस राहायला आली होती. तिसऱ्याच दिवशी फोन माझ्या नाकासमोर धरून म्हणाली, "आजी, हा बघ आईस्क्रीम केक. आपण घरी करू या का? सगळं आपणच करायचं. केक पण आणि आईस्क्रीम पण." फोनमध्ये एक गोरी बाई चटचट थर लावत होती. गुलाबी, पांढरा, हिरवा. चार मिनिटांत केक तयार!

मी म्हटलं, "करू की. पण चार मिनिटांत नाही होणार. दोन दिवस लागतील."

"दोन दिवस? का?"

आता शाळेत तीसेक वर्षं इतिहास शिकवलेल्या बाईला "का?" असं विचारलं की काय होतं ते तुम्हाला ठाऊकच आहे. दोन दिवस लागतात हे उत्तर खरं, पण अपुरं. खरं उत्तर द्यायचं तर जवळजवळ दोनशे वर्षं लागली असं म्हणायला हवं. नातीने अर्ध्यातच कान मिटून घेतले. म्हणून उरलेलं इथे लिहिते. तुम्ही मंडळी नेहमीप्रमाणे ऐकून घ्याल अशी खात्री आहे.

आधी सर्वांत खालचा थर, म्हणजे केक.

आज केक म्हटलं की वाढदिवस. पण आपल्या मुंबईत पाव-बिस्किट खाणं ही एकेकाळी जात जाण्याची गोष्ट होती. १८४९ साली मुंबईत परमहंस सभा स्थापन झाली. दादोबा पांडुरंग, रामचंद्र बाळकृष्ण यांसारखी शिकलेली मंडळी तिच्यात होती. जातिभेद मोडायचा हा तिचा उद्देश, पण काम सगळं गुप्तपणे चाले. नव्या सभासदाची परीक्षा कशी घ्यायची? तर त्याला ख्रिस्ती माणसाच्या हातचा पाव खायला द्यायचा. पावाचा एक तुकडा खाल्ला की माणूस सभेचा झाला! १८६० च्या सुमारास सभासदांच्या नावांची वही चोरीला गेली आणि घाबरून सभाच विस्कटली. पुढे १८९० साली पुण्यात पंचहौद मिशनमधल्या चहा-बिस्किटांवरून केवढं ग्रामण्य झालं ते आपण शाळेत शिकलो आहोत. त्यात टिळक-रानड्यांसारखी माणसंसुद्धा सापडली.

हे सांगण्याचं कारण असं की माझं माहेर लालबागचं आणि सासर गिरगावचं. लालबागच्या चाळीत आमच्याकडे अंडी-मासे सगळं चालायचं, पण केक कोणी घरी करत नसे, कारण भट्टी कुठे होती? पाव-केक म्हणजे इराण्याचा. दिवाळीत नानकटाईचं पीठ भिजवून घ्यायचं, तूप-साखर-मैदा डोक्यावर घेऊन बेकरीत जायचं आणि पत्र्याच्या ट्रेवर आपल्या हाताने गोळे मांडून भाजून आणायचं. ते मी लहानपणी दरवर्षी केलं आहे. आपला ट्रे ओळखू यावा म्हणून कडेच्या गोळ्यावर खूण करायची! गिरगाव-ग्रँट रोडच्या बाजूला बी. मेरवानचा मावा केक १९१४ पासूनचा आणि धोबी तलावाची कयानी १९०४ ची. एकदा ते केक लोकांनी खाल्ले, की मग कुणाची जात गेली नाही आणि कुणी विचारलंही नाही. पन्नास-साठ वर्षांत मुंबईने हा प्रश्न चहात बुडवून खाऊन टाकला.

माझ्या सासूबाईंच्या स्वयंपाकघरात मात्र अंडं येत नसे. पण त्या हुशार. त्यांनी सांगितलं, "तुला काय करायचं ते गॅलरीत स्टोव्हवर कर. मला वास आला तर मी सांगेन." त्यांना कधी वास आला नाही. आणि केकचा तुकडा त्यांनी कधी परतही केला नाही. असो.

गॅलरीत केक करायची पद्धत अशी. वातीचा स्टोव्ह, त्यावर जाड बुडाचं पातेलं, पातेल्यात दोन बोटं वाळू. वाळू चांगली तापली की त्यावर केकचा डबा ठेवायचा, वर झाकण आणि झाकणावर निखारे. आइस्क्रीमच्या केकला लागतो तो साधा स्पंज. तीन अंडी, त्याच वजनाची साखर, त्याहून थोडा कमी मैदा. लोणी घातलं नाही तरी चालतं, किंबहुना घालूच नये, कारण लोणी फ्रीजरमध्ये दगड होतं. ही गोष्ट मला दोन केक फुकट गेल्यावर कळली.

आता मधला थर. आईस्क्रीम. इथे खरा इतिहास आहे.

आपल्याकडे बर्फ ठाऊक नव्हता असं नाही. अकबराच्या दरबारात सोऱ्याने पाणी गार करत, आणि दरबार लाहोरला असताना हिमालयातून बर्फ आणत असत, हे अबुल फजलने आईन-ए-अकबरीत लिहून ठेवलं आहे. पण तो बादशहाचा कारभार. मुंबईला हिमालय कुठला? इथे बर्फ आला तो अमेरिकेहून, गलबतातून!

बॉस्टनचा फ्रेडरिक ट्यूडर नावाचा व्यापारी होता. तिकडच्या तळ्यांवर हिवाळ्यात गोठलेला बर्फ करवतीने कापायचा, भुशात गुंडाळून जहाजात भरायचा आणि उष्ण देशांना विकायचा, हा त्याचा धंदा. लोक त्याला वेडा म्हणत. १८३३ च्या मे महिन्यात 'टस्कनी' नावाचं त्याचं जहाज १८० टन बर्फ घेऊन निघालं. विषुववृत्त दोनदा ओलांडून चार महिन्यांनी ते कलकत्त्याला पोचलं, तेव्हा त्यातला सुमारे १०० टन बर्फ शिल्लक होता. पुढच्याच वर्षी, १८३४ साली, बर्फ मुंबईला आला. जहांगीर नसरवानजी वाडिया यांच्या पेढीने तो आणवला.

आणि त्याच वर्षी जमशेटजी जिजीभाईंनी (ते तेव्हा अजून 'सर' व्हायचे होते) आपल्या घरच्या मेजवानीत पाहुण्यांना आईस्क्रीम दिलं. मग काय झालं? यजमान आणि पाहुणे सगळ्यांना सर्दी झाली! 'मुंबई समाचार'ने ती बातमी छापली आणि वर टोमणाही मारला, असा किस्सा मुंबईच्या इतिहासात सांगतात. मी वर्गात हा किस्सा सांगितला की मुलं हसायची. मीही हसायचे. पण या सर्दीची आठवण मला आणखी एका कारणाने राहिली आहे, ते पुढे सांगते.

१८४३ साली लोकवर्गणीतून मुंबईत बर्फघर बांधलं गेलं. ते गोदीजवळ होतं. आज लायन गेटसमोर के. आर. कामा ओरिएंटल इन्स्टिट्यूट आहे ती ही जागा. गंमत म्हणजे तो रस्ताही आता मुंबई समाचार मार्ग! मुंबईचं बर्फघर गेलं, कलकत्त्याचंही गेलं. मद्रासचं तेवढं टिकलं, कारण १८९७ साली स्वामी विवेकानंद तिथे राहिले आणि आता ते विवेकानंदांचं स्मारक झालं आहे.

थोरो हा अमेरिकन विचारवंत वॉल्डन तळ्याकाठी राहत होता, तेव्हा त्या तळ्यातला बर्फ कापून नेणारी माणसं त्याने पाहिली. आपल्या तळ्याचं पाणी मद्रास, मुंबई आणि कलकत्त्याची माणसं पिणार, असं त्याने आपल्या १८५४ च्या पुस्तकात लिहिलं आहे. दुर्गाबाई भागवतांनी ते पुस्तक मराठीत आणलं, त्यात मी पहिल्यांदा वाचलं आणि थक्क झाले. पण मनात आलं, मुंबईची माणसं म्हणजे कोणती? बर्फघरातला तो बर्फ गिरगावच्या वाडीत किती जणांच्या जिभेला लागला असेल? फार थोड्या. तो साहेबांचा, शेटजींचा आणि इस्पितळातला होता.

पुढे यंत्राने बर्फ करण्याचे कारखाने निघाले आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत अमेरिकेचा बर्फ येईनासा झाला. तेव्हा कुठे बर्फ सर्वसामान्य माणसाच्या गल्लीत आला. माझ्या लहानपणी, म्हणजे १९५५-६० च्या सुमारास, लालबागला बर्फवाल्याचं दुकान म्हणजे एक अंधारी, ओली खोली. भुशात आणि गोणपाटात लाद्या झाकून ठेवलेल्या. आमच्या घरी बर्फ पहिल्यांदा आला तो गोडधोड करायला नव्हे. मला टायफॉईड झाला होता, तेव्हा वडील रात्री अकरा वाजता बर्फवाल्याला उठवून आठ आण्यांचा तुकडा घेऊन आले होते, कपाळावर ठेवायला. बर्फ म्हणजे ताप, हे समीकरण माझ्या डोक्यात बरीच वर्षं होतं.

मग एका मे महिन्यात चाळीत पॉट आलं.

आईस्क्रीमचं पॉट ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते. लाकडी बादली, तिच्यात मध्यभागी कल्हई केलेला उंच डबा, डब्यात लाकडी पंखा आणि वर फिरवायचा दांडा. हे यंत्र आपलं वाटतं, पण तेही अमेरिकेचंच. फिलाडेल्फियाच्या नॅन्सी जॉन्सन या बाईने १८४३ साली त्याचं पेटंट घेतलं. मुंबईत बर्फघर बांधलं तेच वर्ष बघा! दांडा फिरवायचं यंत्र एका बाईने शोधलं हे मला मनापासून पटतं. हात कोणाचे दुखत होते ते तिलाच माहीत असणार.

पॉट भाड्याने मिळे. अनामत ठेवावी लागे. वर्गणी काढायची, पण पैशाची नाही, दुधाची. आरे कॉलनीचं दूध तेव्हा काचेच्या बाटल्यांतून यायचं आणि कार्डावर मोजून मिळायचं. प्रत्येक खोलीतून अर्धी बाटली. एका घरी दूध आटवायचं, दुसऱ्या घरून साखर, तिसऱ्याने गावाहून आलेले आंबे द्यायचे. बर्फाची लादी पोत्यात घालून वरवंट्याने फोडायची. बादलीत एक थर बर्फ, एक थर खडे मीठ, पुन्हा बर्फ, पुन्हा मीठ.

मीठ का? हा प्रश्न मी दर वर्षी आठवीच्या वर्गात, आमच्या विज्ञानाच्या बाई रजेवर असल्या की, आवर्जून घेत असे. बर्फ शून्य अंशाला वितळतो आणि वितळताना दर ग्रॅममागे ८० कॅलरी उष्णता आजूबाजूने ओढून घेतो. पण दुधात साखर असते, त्यामुळे ते शून्याला गोठत नाही, त्याखाली जावं लागतं. मीठ घातलं की बर्फ शून्याच्या खालीच वितळू लागतो. प्रमाण नेमकं जमलं तर पार उणे २१ अंशांपर्यंत उतरतो. आणि दांडा फिरवायचा तो अशासाठी की डब्याच्या भिंतीला गोठलेलं दूध खरवडून आत यावं, बर्फाचे कण बारीक राहावेत आणि थोडी हवा मिसळावी. फिरवलं नाही तर आईस्क्रीम नाही, दुधाचा दगड. म्हणजे अमेरिकेचं यंत्र, मुंबईच्या कारखान्यातला बर्फ, मिठागराचं मीठ आणि चाळीतले हात.

हातांची तर रांगच लागायची. आधी लहान मुलं, कारण सुरुवातीला दांडा हलका असतो. मग मोठी मुलं. दांडा जड झाला की माझा मोठा भाऊ अण्णा. अगदी शेवटी वडील पॉटवर गोणपाटाची घडी टाकून बसायचे, म्हणजे पॉट हलू नये, आणि चाळीतला एखादा गिरणीतला दांडगा गडी फिरवायचा. पाऊण तासाने झाकण उघडायचं. त्याआधी झाकणावरचं खारट पाणी पुसून घ्यायचं. एका वर्षी ते कुणीतरी विसरलं आणि आम्ही सगळ्यांनी खारं आईस्क्रीम खाल्लं. पण खाल्लं! टाकलं कोणी नाही.

पंखा चाटायचा मान सर्वांत जास्त फिरवणाऱ्याचा. बाकीच्यांना एकेक वाटी. वाटी भरलेली नसायची, कधी अर्धी, कधी दोन चमचे. आयत्या वेळी खालच्या मजल्यावरची चार मुलं वर आली तर कुणाच्या कपाळाला आठी पडत नसे. तेवढ्या वाट्या आणखी मांडायच्या आणि डाव थोडा वर धरायचा.

मी वर्गात याला 'सहकार' म्हणायचे. आता वाटतं, ते अर्धंच खरं आहे. पॉटमधलं आईस्क्रीम ठेवताच येत नसे. तासाभरात त्याची बासुंदी व्हायची. जे ठेवता येत नाही ते वाटावंच लागतं, त्यात मोठेपणा कसला? आणि त्या दिवशी आई दूध आटवायला पहाटे पाचला उठलेली असायची आणि तिच्या वाटणीला शेवटी वितळलेलं यायचं, हेही लिहिलं पाहिजे. जुनं सगळं सोनं नव्हतं.

पॉटमध्ये थर मात्र कधी होत नसत. एका वेळी एकच रंग, एकच चव. थर लावायचे तर पहिला थर घट्ट होईपर्यंत कुठेतरी थांबला पाहिजे, मग दुसरा, मग तिसरा. आणि चाळीत बर्फ कोणासाठी थांबत नव्हता. थरांचं आईस्क्रीम मी पहिल्यांदा पाहिलं ते १९६९ साली, दादरला एका नातेवाइकांच्या लग्नाच्या स्वागतसमारंभात. कसाटा. अर्धचंद्राची फोड, तिच्यात हिरवा, गुलाबी, पिवळसर पट्टा, वर काजूचा चुरा, खाली केकची पातळ पट्टी. हा कसाटा मूळचा इटलीतल्या सिसिली बेटावरचा. तिकडे तो ताज्या चीजचा, केकचा आणि पाकवलेल्या फळांचा गोड पदार्थ. वाडग्यात थापून करतात आणि त्याचं नावही अरबी भाषेतल्या वाडग्याच्या शब्दावरून आलं असं मानतात. त्याचंच पुढे आईस्क्रीम झालं आणि फिरत फिरत आपल्या लग्नांत आलं. पाकवलेल्या फळांच्या जागी आपण कच्च्या पपईची टुटीफ्रुटी घातली आणि काम भागवलं. मी ती फोड इतका वेळ नुसती बघत बसले, की खालून विरघळू लागली.

आता वरचा थर, म्हणजे फ्रीज.

गोदरेजने १९५८ साली भारतीय बनावटीचा पहिला फ्रीज काढला. याच गोदरेजचा कुलपांचा पहिला कारखाना १८९७ साली आमच्या लालबागला निघाला होता. कुलूप आणि फ्रीज एकाच घरातले. या जोडीवर मी पुढे बराच विचार केला आहे.

आमच्या गिरगावच्या घरी फ्रीज आला १९७९ साली, हप्त्यांवर. वाडीतला तो चौथा की पाचवा. पहिली दोन वर्षं तो आमचा एकट्याचा नव्हताच. समोरच्या आजोबांचं इन्सुलिन, शेजारच्या काकूंचं विरजण, कुणाकडे पाहुणे आले की "जरा बर्फ द्या हो" म्हणत पातेलं घेऊन येणारी मुलं. हळूहळू सगळ्यांकडे फ्रीज आले आणि पातेली यायची थांबली.

त्याच काळात बायकांचे आईस्क्रीमचे वर्ग जोरात होते. मीही एका मे महिन्यात गेले. जी.एम.एस. पावडर आणि सी.एम.सी. पावडर हे दोन मंत्र तिथे मिळाले. पावडरी क्रॉफर्ड मार्केटच्या बाजूला मिळत. कृती आजही तीच आहे आणि नातीबरोबर मी तीच केली.

अर्धा लिटर म्हशीचं दूध. त्यातलं थोडं गार दूध बाजूला काढून त्यात दीड मोठा चमचा जी.एम.एस., एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर आणि पाव छोटा चमचा सी.एम.सी. कालवायचं. बाकीच्या दुधात सहा मोठे चमचे साखर घालून उकळायचं, त्यात हे मिश्रण घालून दाटसर करायचं. पूर्ण गार करून पाच-सहा तास फ्रीजरमध्ये ठेवायचं. मग बाहेर काढून, फोडून, त्यात पाऊण वाटी साय घालून घुसळायचं. फसफसून दुप्पट होतं. पॉटचा दांडा जे पाऊण तासात करतो ते हे बीटर दहा मिनिटांत करतं. याचे तीन भाग करायचे. एकात हापूसचा आटवलेला रस, एकात पिस्त्याची भरड, एकात गुलाबाचं सरबत किंवा स्ट्रॉबेरी.

मग थर. पावाच्या लांबट डब्याला आतून दुधाच्या पिशवीचं स्वच्छ धुतलेलं प्लॅस्टिक लावायचं, टोकं बाहेर ठेवायची. पहिला थर ओतून चार तास. बोट दाबून खूण उमटली नाही, की दुसरा. पुन्हा चार तास. मग तिसरा, आणि तो अर्धवट घट्ट असतानाच त्यावर स्पंजची बोटभर जाडीची पट्टी, साखरेच्या पाकाचा हात लावून. पाकामुळे केक लाकडासारखा होत नाही. इथेही साखर तेच काम करते, गोठू देत नाही. रात्रभर ठेवायचं. काढताना डबा चार-पाच सेकंद साध्या पाण्यात धरायचा, उलटा करायचा, आणि सुरी गरम पाण्यात बुडवून कापायचं. घाई केली की थर मिसळतात आणि सगळ्याचा एकच मातकट रंग होतो.

माझा पहिला असा केक होता १९८२ सालच्या मे महिन्यात, मुलीच्या पाचव्या वाढदिवसाचा.

१९८२ म्हटल्यावर लालबाग-परळच्या माणसाला पुढचं सांगायला नको. १८ जानेवारीला गिरण्यांचा संप सुरू झाला होता. सुमारे अडीच लाख माणसं घरी बसली होती. अण्णाही त्यांत होता. मे महिना म्हणजे संपाचा पाचवा महिना. दर वर्षी सुट्टीत गावी जाणारी मुलं त्या वर्षी चाळीतच होती, कारण एस.टी.ला पैसे नव्हते.

जुन्या एकदारी फ्रीजचा फ्रीजर तो केवढा! तीन दिवस आधीपासून बटण शेवटच्या आकड्यावर नेऊन ठेवलं होतं आणि फ्रीज उघडायला घरात सगळ्यांना बंदी. केक सुरेख झाला. तीन रंग, रेघ मारल्यासारखे. मी बारा फोडी मोजून ठेवल्या होत्या. वाडीतली सात मुलं, अण्णाची तीन, माझी एक, आणि एक सासूबाईंना.

अण्णा आणि वहिनी संध्याकाळी आले ते नऊ मुलं घेऊन. त्यांची तीन आणि चाळीतली सहा. बसचे पैसे वाचवायला लालबागहून चालत आले होते. अण्णा दारातूनच हसून म्हणाला, "म्हटलं, आईस्क्रीम आहे तर घेऊन जाऊ सगळ्यांना." त्याच्या डोक्यात पॉट होतं. माझ्या हातात सुरी होती.

मी काही बोलले नाही. देवाशपथ, एक शब्द बोलले नाही. पण मनात आकडे मांडत होते, आणि ते माझ्या चेहऱ्यावर दिसले असणार. वहिनींनी माझ्याकडे पाहिलं आणि पुढच्या क्षणी म्हणाल्या, "आमच्या तिघांना देऊ नको हं, सर्दी झाली आहे त्यांना. बाकीच्यांना दे." त्यांच्या धाकट्याने आईकडे पाहिलं. मोठीने त्याचा हात धरला. तिघं गॅलरीत जाऊन उभी राहिली. नाक त्यांपैकी एकाचंही वाहत नव्हतं.

मी फोडी अर्ध्या करू शकले असते. फार तर थर मोडले असते, गरम सुरीने दोनदा कापावं लागलं असतं. पण मला ते तीन रंग नीट दिसायला हवे होते. तीन दिवस मी त्यांची वाट पाहिली होती. बारा फोडी बारा ताटल्यांत गेल्या.

त्या संध्याकाळी मी फ्रीजला दोष दिला, नंतर संपाला दिला. मग पुष्कळ वर्षांनी एकदा वर्गात जमशेटजींच्या मेजवानीचा किस्सा सांगताना 'सर्दी' हा शब्द तोंडात आला आणि पुढचं वाक्य मला सुचेना. मुलं हसायची थांबली, की बाईंना काय झालं!

तेव्हापासून मला एवढंच वाटतं. ठेवता येऊ लागलं तेव्हा मोजता येऊ लागलं. पॉटच्या वेळी आमचा मोठेपणा नव्हता असं मी वर म्हटलं, ते खरंच आहे. तो बर्फाचा नाइलाज होता. पण मग फ्रीज आल्यावर द्यायचं की नाही ते आपल्या हातात आलं, आणि पहिल्याच परीक्षेत मी नापास झाले. शिक्षिकेला हे लिहायला सोपं नाही.

अण्णाला जाऊन आता सात वर्षं झाली. तो संप रीतसर कधी मागे घेतलाच गेला नाही आणि अण्णाची गिरणी पुन्हा उभी राहिली नाही. त्याने आयुष्यभर त्या दिवसाचा विषय काढला नाही. वहिनी डोंबिवलीला मुलाकडे असतात.

तर या मे महिन्यात नातीचा केक झाला. दोन दिवस लागले. दुसऱ्या थराच्या वेळी ती चारदा बोट लावून आली, पण थांबली. मी तिला एकाच्या जागी दोन डबे भरायला लावले. "एवढा कशाला?" म्हणाली. मी म्हटलं, "डोंबिवलीची माणसं येणार आहेत. आणि किती येतील ते मी विचारलेलं नाही."

अकरा जण आले. गॅलरीत उभा राहिलेला तो धाकटाही होता. आता त्याचेच केस पांढरे झाले आहेत. मी फोडी कापल्या आणि पहिली वहिनींच्या हातात दिली. त्या ऐंशीच्या घरात आहेत, ऐकू कमी येतं. जवळ बसून विचारलं, "वहिनी, ब्याऐंशी सालचा वाढदिवस आठवतो का तुम्हाला? गिरगावातला?"

त्यांनी थोडा वेळ चमचा तसाच धरला. मग म्हणाल्या, "अगं, खरंच सर्दी होती त्यांना."

आणि ताटली पुढे केली. "आंब्याचा थर जास्त असलेली दे आता."